बापामागे राहिलेले कर्ज

घरातला कर्ता माणूस गेला म्हणजे घरावर आभाळ कोसळते. दहावा होतो, तेरावा होतो. पाहुणेरावळे आपापल्या गावी परततात. मग एके दिवशी पोस्टमन एक लिफाफा आणून देतो. लिफाफा बँकेचा असतो. आत लिहिलेले असते, की मयताच्या नावावर इतके कर्ज आहे, त्यावर इतके व्याज झाले आहे, तरी वारसांनी ते भरावे.

हा कागद हातात पडला, की घरचे लोक घाबरून जातात. कोणी तो देव्हाऱ्यामागे खोचून ठेवतो. कोणी सावकाराच्या दारात जातो. कोणी बँकेत जाऊन, पुढे येईल त्या कागदावर सही करून मोकळा होतो. यांतले एकही करू नये. मग काय करावे? तेच या पाठात आपण पाहू.

आपण एक घर मनात धरू. हे घर अमक्या गावचे, असे नाही. अशी घरे गावोगाव आहेत. तुमच्याही आळीत एखादे असेल.

या घरात आई आहे, दोन मुलगे आहेत आणि एक मुलगी आहे. वडिलांच्या नावावर सव्वा एकर जिरायत जमीन होती. ती त्यांनी स्वतः विकत घेतली होती. त्यांनी बँकेकडून पीककर्ज काढले. पुढे विहिरीसाठी आणखी कर्ज काढले. विहिरीला पाणी लागले नाही. दोन वर्षे पावसाने ओढ दिली. हप्ते थकले, आणि तशातच वडील वारले. थोरला मुलगा शहरात कारखान्यात कामाला आहे. धाकटा गावी असतो. त्याने स्वतःच्या मजुरीच्या पैशातून एक म्हैस घेतली आहे. मुलगी बारावीत शिकते.

बँकेच्या कागदावर आकडा होता ४ लाख २० हजार रुपये.

आई म्हणाली, "पोरांनो, म्हैस विका. माझी पोत मोडा. पण ह्यांच्या नावावर डाग ठेवू नका. कर्ज ठेवून गेलेल्या माणसाला गती मिळत नाही म्हणत्यात."

थोरला म्हणाला, "आई, म्हैस विकली तर घर कशावर चालायचं? आन् हिच्या शाळेचं काय?"

धाकटा काहीच बोलला नाही. त्याला रात्री झोप लागेना. तो अंगणात येरझाऱ्या घाली.

अशा वेळी घरातल्यांनी त्या गप्प माणसाकडे आधी पाहावे. त्याला एकटे सोडू नये. कर्ज पैशाचे असते. ते जिवाने फेडायचे नसते. आणि खरी गोष्ट अशी, की ज्या ओझ्याने तो खचला होता, ते सगळे ओझे त्याच्या डोक्यावर नव्हतेच. पण हे त्याला कोणी सांगितले नव्हते.

कायदा काय म्हणतो?

कायदा सरळ आहे. मेलेल्या माणसाचे कर्ज त्याने मागे ठेवलेल्या मालमत्तेतून फिटते. वारसाच्या हाती जेवढी मालमत्ता आली, तेवढ्यापुरताच तो वारस बांधलेला असतो. त्यापुढे नाही. १९०८ सालच्या दिवाणी प्रक्रिया संहितेत, कलम ५० मध्ये, हे लिहून ठेवले आहे.

आपण हिशेब मांडू. वडिलांच्या जमिनीची किंमत ३ लाख रुपये आहे, असे धरा. कर्ज आहे ४ लाख २० हजार. बँकेला त्या जमिनीतून ३ लाख मिळू शकतात. उरले १ लाख २० हजार. ही रक्कम बँक कोणाकडून घेणार? थोरल्याच्या पगारातून घेता येत नाही. धाकट्याची म्हैस नेता येत नाही, कारण ती त्याच्या कमाईची आहे. आईची पोत हे तिचे स्त्रीधन आहे. ते वडिलांच्या मालमत्तेत धरत नाहीत. आणि वडिलांनी मागे काहीच ठेवले नसते, तर वारसांना काहीच द्यावे लागले नसते.

मग जमीन गेलीच म्हणायची का? तसेही नाही. वारसांनी जमीन ठेवावी आणि तिच्या किमतीपर्यंतचे पैसे हप्त्याने भरावेत, अशी तडजोड करता येते. ती कशी, ते पुढे येईलच.

आईचे म्हणणे खोटे होते का?

आई म्हणाली ते आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या चालत आलेले आहे. बापाचे ऋण फेडणे हा मुलाचा धर्म मानला जाई. जुन्या हिंदू कायद्यातही ही गोष्ट होती. मुलाला बापाकडून छदाम मिळाला नसला, तरी पूर्वी मुंबई इलाख्यात त्याच्या मागे बापाचे देणे लागे. १८६६ साली इलाख्यात एक कायदा झाला. वारसाच्या हाती जेवढी मालमत्ता आली, तेवढ्यापुरतेच त्याने देणे लागावे, असे त्या कायद्याने ठरवले.

कायदा झाला, पण तो वाचणार कोण? खेड्यात अक्षर येणारी माणसे थोडी. सावकार मुलाला बोलावून घेई. "बापाचं खत जुनं झालं, तू नवं लिहून दे," म्हणे. मुलगा अंगठा उठवी. त्या अंगठ्याबरोबर बापाचे कर्ज मुलाचे स्वतःचे होई. मग कायदा काय करणार?

अशी खते साचत गेली. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावच्या बाजारात शेतकरी उठले. त्यांचा राग कशावर होता? खतांवर आणि वह्यांवर. पुणे आणि नगर जिल्ह्यांत गावोगाव खते जाळली गेली. त्यानंतर, १८७९ साली, सरकारने दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना तो प्रथम लागू झाला. खतावर काय लिहिले आहे तेवढेच न पाहता, मूळ मुद्दल किती, व्याज किती, हे कोर्टाने खणून पाहावे, असे त्यात होते.

आता तर गोष्ट आणखी स्पष्ट झाली आहे. हिंदू वारसा कायद्यात २००५ साली दुरुस्ती झाली. ९ सप्टेंबर २००५ नंतर काढलेल्या कर्जासाठी, केवळ "बापाचे ऋण फेडणे हा तुझा धर्म आहे" या कारणावर मुलाला, नातवाला किंवा पणतवाला कोर्टात धरता येत नाही.

म्हणून आम्ही आईला एवढेच सांगू, की बाई, तुमच्या मालकांच्या नावाला डाग लागलेला नाही. त्यांनी मागे ठेवले त्यातून त्यांचे देणे फिटेल. लेकराच्या तोंडचा घास काढून ते फेडा, असे कायदा म्हणत नाही.

सही कुठे अडकवते?

वर सांगितले ते खरे. पण चार ठिकाणी सांभाळायला हवे.

पहिली गोष्ट. कर्ज काढताना तुम्ही स्वतः सहकर्जदार किंवा जामीनदार म्हणून सही केली असेल, तर तुम्ही वारस म्हणून नव्हे, तर स्वतःच्या सहीने बांधलेले आहात. पुष्कळदा नवऱ्याच्या कर्जावर बायकोची सही असते. ती आहे की नाही, हे आधी पाहावे. बँकेकडून कर्जाच्या कागदांच्या नकला आणि खात्याचा उतारा अर्ज देऊन मागून घ्यावा.

दुसरी गोष्ट. बँकेत "नवे-जुने" करतात हे तुम्हाला माहीत आहे. जुने कर्ज कागदावर फेडलेले दाखवायचे आणि तेवढेच नवे काढायचे. बाप गेल्यावर मुलाने आपल्या नावाने असे नवे-जुने केले, तर ते कर्ज त्याचे स्वतःचे झाले. सुप्याच्या शेतकऱ्याने अंगठा उठवला, तीच ही गोष्ट. फरक एवढाच, की आता अंगठ्याच्या जागी सही आहे. शिवाय वसुलीच्या दाव्याला मुदत असते. साध्या कर्जाला ती बहुधा ३ वर्षे, आणि गहाणाच्या मालमत्तेवर वसुली करायची तर १२ वर्षे असते. मुदत संपायच्या आत तुम्ही देणे लेखी कबूल केले, तर ती पुन्हा पहिल्यापासून मोजतात. म्हणून कागद वाचल्याशिवाय सही करू नये. "घरी नेऊन वाचतो," असे म्हणायला लाजू नये.

तिसरी गोष्ट. वडिलांची जमीन, बैल, गाडी गुपचूप विकून पैसे उडवू नयेत. आलेल्या मालमत्तेचा हिशेब वारसाला देता आला नाही, तर तेवढ्या रकमेपुरते कोर्ट त्याच्या स्वतःच्या मालमत्तेवरही हात घालू शकते. काय काय मिळाले, त्याची यादी वहीत लिहून ठेवावी. क्रियाकर्माला काय लागले, तेही लिहावे.

चौथी गोष्ट. जमीन आज्या-पणज्यापासून आलेली, एकत्र कुटुंबाची असेल, आणि कर्त्याने घरच्या गरजेसाठी कर्ज काढले असेल, तर त्या एकत्र जमिनीवर देणे येऊ शकते. हा हिशेब किचकट असतो. तो वकिलाकडून करून घ्यावा.

याबरोबर आणखी एक विचारावे. कर्जाबरोबर विम्याचा हप्ता कापला होता का? वडिलांच्या खात्यातून जीवनज्योतीसारख्या सरकारी विम्याचे पैसे दर साल जात होते का? पासबुकात ते दिसते. विमा चालू असेल तर लगेच दावा करावा. कधी कधी कर्जाचा मोठा भाग तिथेच फिटतो.

कोर्टाचा कागद आला तर

बँकेने कोर्टात दावा लावला, की बेलीफ समन्स घेऊन येतो. समन्स म्हणजे कोर्टाचे बोलावणे. त्याला पाहून दार लावून घेऊ नये. समन्स घ्यावे, तारीख वाचावी, आणि त्या तारखेला हजर राहावे. आपण गेलो नाही, तर कोर्ट एकतर्फी निकाल देते. बँकेचे म्हणणे तेवढे ऐकले जाते. आपले कोण सांगणार?

समन्स मिळाल्यापासून साधारण ३० दिवसांत लेखी जबाब द्यायचा असतो. त्यात स्पष्ट लिहावे: "आम्ही वारस आहोत. आमच्या हाती अमुक एवढीच मालमत्ता आली आहे. आमची जबाबदारी तेवढ्यापुरतीच आहे." व्याजाचा हिशेब पटत नसेल तर तेही लिहावे. एकदम पैसे भरणे जमत नसेल, तर हप्ते मागावेत. निकाल देताना हप्ते बांधून देण्याचा अधिकार कोर्टाला आहे.

निकाल विरुद्ध गेला, तरी घरातले सगळे उचलून नेता येत नाही. अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, शेतीची अवजारे, शेतीला लागणारी जनावरे, बियाणे, कारागिराची हत्यारे यांची जप्ती होत नाही. शेतकरी किंवा मजूर ज्या स्वतःच्या घरात राहतो, ते घरही जप्तीतून सुटते. मात्र जे गहाण लिहून दिले आहे, त्याला ही सूट नाही.

तुरुंगाची भीती पुष्कळांना वाटते. पैशाच्या वसुलीसाठी बाईला अटक करता येत नाही. आणि १९८० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की ज्याच्याजवळ खरेच द्यायला नाही, त्याला केवळ कर्ज फिटले नाही म्हणून तुरुंगात टाकणे योग्य नव्हे. मात्र पैसे असून दडवणाऱ्याला ही सवलत नाही. वसुलीवाल्यांनी दारात येऊन दांडगाई करणे हेही कायद्याला मान्य नाही. सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर वसुलीसाठी फोन करू नये, असे रिझर्व्ह बँकेने बजावले आहे.

राहते घर बँकेकडे तारण असेल, तर बँक २००२ सालच्या एका कायद्याने दाव्याशिवायही ताबा घेऊ शकते. पण आधी ६० दिवसांची नोटीस द्यावी लागते. त्या नोटिशीला लेखी उत्तर द्यावे. ताब्याची कारवाई झाली, तर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. शेतजमिनीला मात्र हा कायदा लागू नाही. कर्ज गावच्या सोसायटीचे असेल, तर वसुली सहकार खात्यामार्फत होते. तिकडची नोटीस आली तरी असेच हजर राहावे आणि मालमत्तेची यादी द्यावी.

वकिलाला पैसे कुठून आणायचे?

तालुक्याच्या कोर्टात तालुका विधी सेवा समिती असते. जिल्ह्याच्या कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण असते. तेथे फुकट वकील मिळतो. स्त्रियांना मिळतो, त्यांचे उत्पन्न किती हे पाहत नाहीत. अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना, अपंगांना, पुराने किंवा दुष्काळाने नाडलेल्यांनाही मिळतो. इतरांना उत्पन्न ठरावीक मर्यादेच्या आत असले तर मिळतो. घरबसल्या चौकशी करायची असेल, तर १५१०० या क्रमांकावर फोन करावा.

आपल्या घरची आई या समितीत गेली. थोरला म्हणत होता, "मी रजा काढून येतो." आई म्हणाली, "तुझा रोज बुडवू नको. वकील माझ्या नावानं मिळतोय, मीच जाते." तिला वकील मिळाला. त्याने जबाब दिला, आणि प्रकरण लोकअदालतीत ठेवावे असा अर्ज केला.

लोकअदालत म्हणजे तडजोडीचे कोर्ट. १९८७ सालच्या कायद्याने तिला अधिकार मिळाले आहेत. तिथे फी लागत नाही. दावा लावताना भरलेली कोर्ट फी परत मिळते. दावा लागण्याच्या आधीही प्रकरण तिथे नेता येते. दोन्ही बाजू राजी झाल्या तरच निवाडा होतो. नाही झाल्या, तर प्रकरण पुन्हा कोर्टात जाते. पण एकदा राजीखुशीने निवाडा झाला, की तो कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखाच असतो. त्यावर अपील नाही. म्हणून सही करण्याआधी नीट वाचावे.

त्या दिवशी बँकेचे साहेब आले होते. बोलणे झाले. बँकेने व्याजातले बरेच सोडले. २ लाख ४० हजार रुपये ठरले. दर सहा महिन्यांनी ३० हजार, असे ८ हप्ते. जमीन घरच्यांकडे राहील. कागद तयार झाला, आणि आईपुढे सहीला आला.

आई गेल्या वर्षी वर्गात लिहायला-वाचायला शिकली होती. ती बोट ठेवून एकेक ओळ वाचू लागली. मागे माणसे खोळंबली होती. कोणीतरी म्हणाले, "अहो मावशी, करा की सही, ठरलंय सगळं." आईने मान वर केली नाही. चौथ्या ओळीवर तिचे बोट थांबले. तिथे लिहिले होते, "वारस वैयक्तिकरीत्या जबाबदार राहतील."

ती म्हणाली, "साहेब, हे वैयक्तिक म्हणजे काय?"

वकील वाकून पाहू लागला. नेहमीच्या छापील नमुन्यातली ती ओळ तशीच राहून गेली होती. ती खोडली. तिच्या जागी लिहिले, "मयताकडून मिळालेल्या मालमत्तेपुरते." खोडलेल्या जागी दोन्हीकडच्या सह्या झाल्या. मग आईने खाली आपले नाव लिहिले. अक्षर वाकडे होते. पण लिहिले ते समजून लिहिले.

सगळ्यांच्या बाबतीत असेच होईल, असे आम्ही म्हणत नाही. व्याज सोडलेच पाहिजे, असे बँकेवर बंधन नाही. ठरलेले हप्ते चुकवले, तर बँक त्याच निवाड्यावर वसुली करू शकते. म्हणून झेपेल तेवढाच हप्ता कबूल करावा. दर हप्त्याची पावती घ्यावी आणि जपून ठेवावी. शेवटचा हप्ता भरला, की बँकेकडून कर्ज फिटल्याचा दाखला घ्यावा. सात-बाराच्या उताऱ्यावर, इतर हक्कांत, बँकेचा बोजा लिहिलेला असतो. तो दाखला दाखवून बोजा कमी करून घ्यावा. एवढे केले, की काम पुरे झाले.

धाकटा आता रात्री झोपतो. म्हैस दावणीला आहे. मुलगी परीक्षेला बसली.

लक्षात ठेवा

मयताचे कर्ज त्याच्या मालमत्तेपुरते वारसाकडे येते.
स्वतः सही केली असेल, तर जबाबदारी स्वतःची.
समन्स घ्यावे, तारखेला जावे.
वाचल्याशिवाय सही करू नये.

शब्दांचे अर्थ

वारस – मयताची मालमत्ता ज्याला मिळते तो.
जामीनदार – दुसऱ्याच्या कर्जाची हमी घेणारा.
हुकूमनामा – कोर्टाने निकालानंतर दिलेला लेखी हुकूम.
बोजा – जमिनीवर नोंदलेले देणे.

प्रश्न

१. धाकट्याची म्हैस बँकेला का नेता येत नाही?
२. "नवे-जुने" केल्याने मुलाचे काय नुकसान होते?
३. आईने कागदावरची कोणती ओळ बदलून घेतली? ती तशीच राहिली असती, तर काय झाले असते?
४. तुमच्या तालुक्याची विधी सेवा समिती कुठे आहे? चौकशी करा आणि पत्ता वहीत लिहा.
५. तुमच्या घरचा सात-बारा काढून आणा. इतर हक्कांत काय लिहिले आहे, ते घरच्यांना मोठ्याने वाचून दाखवा.